आबा, जावईबापू आणि बंगळूरची बीअर

सातारा रोड स्टेशनात गाडी शिरली तेव्हा आबा फलाटावर असे ताठ उभे होते, की जणू गाडीच त्यांच्यापुढं हजेरी द्यायला आली आहे. डोक्याला पिवळसर फेटा, अंगात पलटणीतून आणलेला खाकी कोट, पायाशी पत्र्याची ट्रंक. आम्ही पुण्याहून त्याच गाडीनं आलो होतो. माझ्या यजमानांनी खिडकीतून हात हलवला, तशी आबांनी ट्रंक उचलली आणि कुणाला हात लावू न देता डब्यात चढले.

"जागा हाय?" एवढंच त्यांनी विचारलं.

आबा म्हणजे माझे वडील, पलटणीतले निवृत्त हवालदार. आई गेल्याला तेव्हा वर्ष होऊन गेलं होतं. ती गेल्यापासून आबांचं बोलणं आटत आटत 'व्हय' आणि 'न्हाई' या दोन शब्दांवर आलं होतं. दिवाळीला आम्ही गावी गेलो, तेव्हा ते संध्याकाळभर ओट्यावर बसून राहायचे. जेवायला हाक मारली की उठायचे, जेवून पुन्हा तिथंच. अशाच एका संध्याकाळी यजमान त्यांच्याशेजारी जाऊन बसले आणि सहज म्हणाले, "आबा, लढाईच्या काळात तुम्ही बंगळूरला होतात ना? एकदा सगळे जाऊन येऊ या का?"

आबा इतका वेळ गप्प राहिले, की त्यांना ऐकू गेलं नसावं असं मला वाटलं. मग म्हणाले, "जाऊ या."

मला यजमानांचं फार कौतुक वाटलं. ते कौतुक पुण्याच्या एस.टी.त बसेपर्यंत टिकलं. वाटेत त्यांनी मला बंगळूरचं दुसरं कारण सांगितलं. रेल्वेतल्या त्यांच्या एका मित्रानं तिथली वर्णनं ऐकवली होती : बंगळुरात बीअर उघड्यावर मिळते, भर दुपारी मिळते, शिवाय स्वस्त मिळते, बरोबर उकडलेल्या शेंगांची बशी येते, आणि कुणी परवाना विचारत नाही. तेव्हा आपलं मुंबई राज्य द्वैभाषिक होतं आणि कडक दारूबंदीचं होतं. इथं घोटभर घ्यायची तर आपण आजारी आहोत असा डॉक्टरचा दाखला लागायचा. यजमानांनी आयुष्यात एकदाच, मित्राच्या लग्नात गोव्याला, बीअर चाखली होती आणि तिची आठवण ते दूरच्या नातेवाइकासारखी काढत.

ते शाळेत चित्रकलेचे शिक्षक. त्यांनी बंगळूरचा नकाशा काढला. युद्धाशी संबंधित जागांना लाल ठिपके, बीअरच्या जागांना निळे. नकाशा पूर्ण झाला तेव्हा तो बराचसा निळा दिसत होता.

"आबांनी विचारलं, हे निळं काय, तर?" मी म्हटलं.

"थंड पेयांची दुकानं," यजमान शांतपणे म्हणाले. "खोटं थोडंच आहे?"

*

ती मीटर गेजची गाडी धावत नसे, चालत असे. कृष्णेच्या बाजूचा ऊस मागं पडला, मिरजेला रात्रीची जेवणं झाली आणि सकाळी उठून पाहते तर बाहेरची माती काळीची तांबडी झाली होती. स्टेशनांवरच्या पाट्यांची अक्षरं गोल झाली होती. जिलबीच्या कढईतून उचलून ठेवावीत तशी. फलाटांवर कडक कॉफीचा वास होता. मी आणलेली भाकरी, शेंगदाण्याची चटणी आणि कांदा यांच्यावर आबांनी सगळा प्रवास काढला. बाहेरचं काही घेऊ का विचारलं, की 'न्हाई'.

अर्सिकेऱ्याला यजमान कॉफी आणायला उतरले. तिथं पितळेच्या पेल्यातून कॉफी देतात आणि पेला परत द्यावा लागतो, हे त्यांना घेतल्यावर कळलं. ते फुंकर घालत घाईनं पीत होते, तेवढ्यात शिट्टी झाली. कॉफीवाला पेल्यासाठी मागं, यजमान गाडीसाठी पुढं, आणि गाडी सर्वांच्या पुढं. मी ओरडले. आबा दारात गेले, त्यांनी एका हातानं दांडी धरली आणि दुसऱ्या हातानं जावयाची कॉलर पकडून त्यांना पोत्यासारखं आत ओढलं. पेला कॉफीवाल्याच्या हातात सुखरूप पडला होता. यजमानांच्या हातात मात्र कसा कोण जाणे, मला आणलेला दुसरा पेला तसाच भरलेला होता.

आबांनी त्यात डोकावून पाहिलं. "सांडली न्हाई," ते म्हणाले. "शाबास."

लग्नाला तीन वर्षं झाली होती. सासऱ्यांच्या तोंडून जावयाला मिळालेली ही पहिली शाबासकी. तो पेला पुढच्या स्टेशनावरून परत कसा पाठवायचा याचा यजमान बराच वेळ विचार करत होते. शेवटी एका गार्डानं हसत हसत तो ठेवून घेतला.

बंगळूर पहिल्यांदा दिसलं ते झाडांमधून. गाडीतली दुसरी रात्र सरून उजाडलेली डिसेंबरची सकाळ. रस्त्यावर धुकं उतरलेलं, आणि त्यातून लाल कौलांची बसकी घरं, त्यांच्यापुढं फुलझाडं, दुधवाल्यांच्या सायकली. पुण्याचा कॅम्प कुणीतरी धुऊन, ताणून, लांबरुंद वाळत घालावा तसं हे गाव. स्टेशनापासून आम्ही जटका (इथला टांगा, याला वरून पिंपासारखं गोल छत असतं) केला. आत वाकून बसावं लागतं, आणि आबांचा फेटा काही छताखाली मावेना. त्यांनी तो काढून मांडीवर घेतला. स्टेशनाजवळच्याच एका लॉजमध्ये आम्ही उतरलो. आंघोळीला गरम पाणी, खाली इडली आणि नारळाची पांढरी चटणी. यजमानांनी नकाशा टेबलावर पसरला.

"आज कुठं जायचं, आबा?"

आबांनी नकाशाकडं पाहिलंही नाही. "जळहळ्ळी," ते म्हणाले. "इटालियन कैद्यांची छावणी. मी पहाऱ्याला व्हतो तिथं."

*

आफ्रिकेच्या वाळवंटात आबांच्या मांडीत गोळीचा तुकडा गेला होता. त्यानंतर आघाडीवर न पाठवता त्यांना इकडं, युद्धकैद्यांवर पहारा करायला ठेवलं होतं, एवढं मला माहीत होतं. जळहळ्ळीच्या बसमध्ये माझ्याशेजारी बसून, समोरच्या सीटच्या पाठीकडं बघत ते एकदम म्हणाले, "चिमे, तिथं मी मरता मरता वाचलो."

मी त्यांच्याकडं वळले. "म्हणजे? गोळी लागली तेव्हा?"

"न्हाई. तिथं. छावणीत."

"कसं काय, आबा? आईला ठाऊक होतं?"

त्यांनी मान हलवली. ती हो म्हणून की नाही म्हणून, ते मला कळलं नाही. मग पुन्हा समोरच्या सीटच्या पाठीकडं बघू लागले. माझ्या जिवाला मात्र चुटपूट लागली. आपला बाप कुठंतरी मरणाच्या दारात जाऊन आला होता आणि इतकी वर्षं आपल्याला त्याचा पत्ता नव्हता.

बस गावाबाहेर थांबली. एका बाजूला नवे कारखाने उठत होते, दुसऱ्या बाजूला तारेचं कुंपण, फाटक आणि बंदूकधारी शिपाई. आबांनी कोट सरळ केला, फाटकापाशी जाऊन खाडकन सलाम ठोकला आणि आपण कोण, कशासाठी आलो ते पलटणीतल्या हिंदीत सांगितलं. शिपाई पोरसवदा होता. त्यानंही सलाम केला, पण आत सोडता येणार नाही म्हणाला. "वो सब पुराना टूट गया, बाबा. अभी कुछ नहीं."

मग आबा कुंपणाच्या कडेनं चालू लागले. आम्ही मागं. "हितं गेट व्हतं," ते म्हणाले. थोडं पुढं गेल्यावर, "न्हाई. हितं." आणखी पुढं गेल्यावर ते थांबले. निलगिरीची उंच झाडं रांगेनं उभी होती. त्यांच्यापलीकडं विटांची नवी घरं, दोरीवर लुगडी वाळत पडलेली, मुलं लगोरी खेळत होती. त्या झाडांमुळं आबांना दिशाच लागेना. कैदी व्हॉलीबॉल कुठं खेळायचे, स्वयंपाकाची शेड कुठं होती, दवाखाना कुठं होता, काही सांगता येईना. जो माणूस अंधारात वाळवंटातून वाट काढत आला होता, तो एका कुंपणाकाठी चुकला होता.

एका मोरीच्या कठड्यावर ते बसले. "काय बी ऱ्हायलं न्हाई गं," ते म्हणाले.

मला इथं त्यांना उगाच आणलं असं वाटू लागलं. ओट्यावर बसायचे ते आता या कठड्यावर बसले, एवढाच फरक. यजमान जवळ उभे राहून नकाशाची घडी उलटसुलट करत होते.

बऱ्याच वेळानं आबांनी वर पाहिलं. "जावईबापू, त्या कागदावर निळं ठिपकं हायती. त्यातलं जवळचं कुठलं?"

यजमानांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. "ती... ती आपली थंड पेयांची..."

"मी पलटणीत उमर काढली," आबा म्हणाले. "कुठल्या ठिपक्यात काय मिळतं ते मला न सांगता कळतं. मी घेत न्हाई. रमचा वाटा मी साखरंच्या बदल्यात देऊन टाकायचो. पण तुमी एवढं लांबून आलाय, तर तुमचं तरी काम व्हऊ दे."

*

छावणी भागातल्या, म्हणजे कँटोन्मेंटच्या एका आडरस्त्यावर तो बार होता. बाहेरून कुणाचा तरी बंगलाच वाटावा. पुढं जास्वंद, व्हरांड्यात वेताच्या खुर्च्या. आत लाकडी फळ्यांचे कप्पे केलेले आणि प्रत्येक कप्प्याला हिरवा पडदा. त्याला 'फॅमिली रूम' म्हणत. मी पदर घट्ट लपेटून आत शिरले. कुणी ओळखीचं बघेल अशी भीती वाटली, आणि बंगळुरात आपल्याला ओळखणार कोण, या विचारानं लगेच हसूही आलं.

वेटर म्हातारा, पांढऱ्या डगल्यातला. यजमानांनी स्वतःसाठी बीअर, आबांसाठी आणि माझ्यासाठी लिंबाचं सरबत सांगितलं. तितक्यात बाहेर आणखी गिऱ्हाइकं आली आणि त्याची गडबड उडाली. थोड्या वेळानं त्यानं तीन पेले आणून ठेवले : यजमानांपुढं सोनेरी, माझ्यापुढं सरबत, आणि आबांपुढं काळंभोर, वर तपकिरी फेस आलेलं काहीतरी. शेजारच्या कप्प्यातला पेला चुकून आमच्याकडं आला होता. पण हे आमच्या लक्षात येण्याआधी आबांनी, इथलं सरबत असंच असेल असं समजून, एक मोठा घोट घेतलासुद्धा.

यजमान अर्धवट उठले. मी आबांच्या हाताकडं धावले.

आबांनी पेला खाली ठेवला नाही. तो डोळ्यांपुढं धरून ते बघत राहिले. पुन्हा एक घोट घेतला, तोंडात घोळवला.

"हे तर जोसप्पाचं औषध!" ते म्हणाले.

"कोण जोसप्पा?"

"डाक्तर! इटालियन डाक्तर. नाव त्याचं काय तरी जुझेप्पे का काय व्हतं. हितल्या शिपायांनी जोसप्पा केलं. कानडी मानूसच झाला त्यो."

आणि आबा बोलू लागले. वर्षभराचं साठलेलं होतं की त्याच्याही आधीचं, कुणास ठाऊक. पावसाळ्याचे दिवस होते. पहाऱ्यावर उभं असतानाच त्यांच्या पोटात अशी कळ आली, की बंदुकीला धरून ते खाली बसले. आतडं सुजलंय, फुटलं तर माणूस जाणार, असं दवाखान्यातली नर्स म्हणाली. गोरा डॉक्टर कुठंतरी दौऱ्यावर. मोठं मिलिटरी हॉस्पिटल मैलोगणती लांब, आणि रस्त्यात चिखलात ट्रक रुतलेला. तेव्हा कैद्यांमधला हा दाढीवाला डॉक्टर पुढं आला. मी कापतो, म्हणाला.

"म्हणजे कैद्यानं पहारेकऱ्याचं पोट फाडायचं?" यजमान म्हणाले.

"तेच! छावणीचा साहेब तयार हुईना. कैद्याच्या हातात सुरी द्याची कशी? मंग त्या नर्सनं साहेबाला काय तरी सांगितलं. काय, ते मला आजपतुर ठावं न्हाई. मला तवा भानच नव्हतं. जागा झालो तवा पोटावर टाके. आनि मंग रोज सांजच्याला हे काळं औषध. कडू जहर. पन ताकद यायची."

तोच शेजारचा हिरवा पडदा बाजूला झाला आणि एक सावळा, गोल चेहऱ्याचा म्हातारा आत डोकावला. काळा पेला त्याचाच होता, तो मागायला आला होता. पण पडद्यामागून सगळं ऐकून त्याचे डोळे हसत होते. मुनिस्वामी त्याचं नाव. लढाईत मोठ्या मिलिटरी हॉस्पिटलात तो कंपाउंडर होता.

"हवालदारसाब, वो दवा नहीं," तो म्हणाला. "काली बीअर! कमजोर मरीज के वास्ते डाक्टर लोग लिखते थे. अफसर मेस से आती थी."

आबांनी पेल्याकडं पाहिलं, मुनिस्वामीकडं पाहिलं, मग यजमानांकडं. "म्हंजी मी हितं रोज..."

"रोज एक गिलास!" मुनिस्वामी म्हणाला.

क्षणभर कुणाला हसायचा धीर होईना. मग आबाच हसले. आधी खांदे हलले, मग मिशा, मग सगळे आबा. त्यांचं ते हसू मी आईच्या आजारपणापासून ऐकलं नव्हतं. मला तोंड पदरात लपवावं लागलं, आणि त्याला कारण नुसतं हसू नव्हतं. मुनिस्वामीला आम्ही आमच्याकडंच बसवलं, दुसरा काळा पेला मागवला. उकडलेल्या शेंगांच्या टरफलांचा टेबलावर ढीग झाला. यजमान सोनेरी पेल्यातून असे सावकाश घुटके घेत होते, की जणू एखाद्या चित्राला शेवटचा हात देताहेत. मीही एक घोट चाखला. पहिला घोट कारल्याच्या रसासारखा लागला. दुसरा तितका वाईट लागला नाही. तिसऱ्याबद्दल मी इथं लिहीत नाही.

"ती नर्स आपली मराठी बोलायची," आबा म्हणाले. "तुळसक्का. तिचे आभार मानायचे ऱ्हायले. टाके वाळले तसं मला दुसरीकडं धाडलं."

"तुळसक्का?" मुनिस्वामीनं पेला खाली ठेवला. "चामराजपेट में रहती है. बाजार की बाजू में."

*

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही चामराजपेटेत गेलो. अरुंद गल्ल्या, दोन्हीकडं जोडून घरं. कुठं तांब्यापितळेची ठोकपीट, कुठं रेशमाच्या लडी, कुठं नुसता फुलांचा वास. आबा लॉजमध्ये दोनदा दाढी करून आले होते. "तुळसक्का कुठं राहतात?" असं आम्ही एका दुकानात विचारलं. दुकानदारानं लगेच समोरचं घर दाखवलं. तिथल्या बाईनं दार उघडलं, आम्हाला पाहून तिचा चेहरा फुलला आणि ती कानडीत भराभर बोलू लागली. आम्हाला बसवलं, उप्पिट्टू (उपमा) दिला, कॉफी दिली. आबा तिच्याकडं निरखून बघत होते. इतक्या वर्षांत माणूस केवढं बदलतं, असं काहीसं ते पुटपुटले. उप्पिट्टू संपल्यावर यजमानांना शंका आली. खाणाखुणा झाल्या. तिचं नाव तुळसम्मा होतं, तिच्या मुलीला बघायला पाहुणे येणार होते, आणि ते आम्हीच असं समजून तिनं आमचं आगतस्वागत केलं होतं! आम्ही ओशाळून उठलो. तिनंच हसत हसत आम्हाला मागच्या गल्लीपर्यंत आणून सोडलं.

मागच्या गल्लीत, तुळशीवृंदावन असलेल्या एका घराच्या पायरीवर एक उंच, पांढऱ्या केसांची बाई तांदूळ निवडत बसली होती. आबा गल्लीच्या तोंडाशीच थांबले.

"हीच," ते म्हणाले, आणि पुढं पाऊल टाकेनात.

मी पुढं झाले. "तुम्ही लढाईच्या वेळी जळहळ्ळीच्या दवाखान्यात होतात का?"

"होते की. कोण जी तुम्ही?" मराठी शब्द, पण चाल कानडी. तिचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी मराठी फौजांबरोबर इकडं आले आणि इथलेच झाले, हे तिनं नंतर सांगितलं.

आबांनी पुढं येऊन सलाम केला. तिनं सूप बाजूला ठेवलं, डोळे बारीक केले, पण ओळख पटेना. "हवालदार पुष्कळ होते, अण्णा," ती म्हणाली. आबांचा चेहरा पडला. मग त्यांनी काही न बोलता उजवा हात पोटाच्या उजव्या बाजूला ठेवला.

"अय्यो!" तुळसक्का उभीच राहिली. "हजेरीवाला हवालदार!"

"हजेरीवाला?"

"यानं सांगितलं नाही तुम्हाला? आत या, आत या. स्वल्प (जरा) बसा."

आम्ही माजघरात चटईवर बसलो, आणि आबांना कधीच ठाऊक नसलेली त्यांची गोष्ट आम्ही तिच्या तोंडून ऐकली.

"साहेब म्हणत होता, शत्रूच्या हाती सुरी देणार नाही. मी म्हटलं, पेशंटलाच विचारू या. याच्या कानाशी जाऊन मराठीत विचारलं, अण्णा, तुमचा कैदी तुम्हाला कापतो म्हणतोय, काय करू? हा म्हणाला, त्याला म्हणावं, आधी लायनीत उभं राहा!"

यजमान फिस्सकन हसले.

"मग मी साहेबाला सांगितलं, पेशंट हो म्हणाला."

"पन मी हो कुठं म्हनलो?" आबा म्हणाले.

"नाही पण नव्हतं म्हटलं! सरी (बरं), मग मी तोंडावर ईथरचं फडकं धरलं. आकडे मोजा म्हटलं. सगळे आकडे मोजत मोजत झोपतात. हा कैदी मोजायला लागला! एक... दोन... हा कुठं गेला, तीन... मध्येच डोळे उघडून डॉक्टरवर ओरडला, तू! हलू नको! डॉक्टरला शब्द कळला नाही, पण हुकूम कळला. हातात सुरी घेऊन तो टाचा जुळवून ताठ उभा राहिला. हा झोपेपर्यंत हलला नाही, बघा. मग कापलं."

आबा मान खाली घालून बसले होते. कान लाल झाले होते, पण मिशांखाली हसू होतं.

"तो याच्यापेक्षा जास्त घाबरला होता," तुळसक्का पुढं म्हणाली. आता तिचा आवाज हळू झाला. "हा मेला असता तर लोक म्हणाले असते, वैऱ्यानं मारला. ताप उतरेपर्यंत तो खाटेशी बसून होता. मी म्हणायची, जाऊन झोपा. तो म्हणायचा, माझ्या घरी पण एक मुलगी आहे."

"पण ह्यांना मुलगी आहे हे त्यांना काय माहीत?" मी विचारलं.

तुळसक्का माझ्याकडं वळली. "तूच का चिमी?"

मी नुसती मान हलवली.

"झोप लागताना शेवटी तुझंच नाव घेत होता ना तो. चिमे, फाटक लाव, कैदी पळतील. दहादा म्हणाला. डॉक्टरनं विचारलं, चिमी कोण. मी म्हटलं, लेक असणार."

आबा कडक माणूस. त्यांनी कधी मांडीवर घेतल्याचं मला आठवत नाही. पण परमुलुखात, मरायच्या भीतीत, त्यांनी फाटक लावायला मला सांगितलं होतं. आठ वर्षांच्या मला. मी आबांकडं पाहिलं, तर ते खिडकीबाहेर पाहत होते.

"अक्का," ते शेवटी म्हणाले, "तुमचे आभार मानायचे ऱ्हायले व्हते."

"ते राहू देत जी. जेवून जायचं."

तिनं मटणाचं सारू (रस्सा) आणि नाचणीचे मुद्दे (उकडीचे गोळे) वाढले. मुद्दा चावायचा नसतो. सारूत बुडवून गिळायचा असतो. यजमानांनी चावला आणि तो त्यांच्या टाळ्याला जो चिकटला, की त्यांना बराच वेळ बोलता येईना. आबांनी मात्र भाकरीवर वाढलेला माणूस असूनही मुद्द्यामागून मुद्दा गिळला. तुळसक्का त्यांना वाढत होती आणि ते एकेक आठवून विचारत होते. डॉक्टर पुढं कुठं गेला? लढाई संपल्यावर ट्रक भरभरून कैदी गेले, ती म्हणाली. जाताना तो दवाखान्यात आला होता. पोटावर हात ठेवून त्यानं विचारलं, हवालदार? मी सांगितलं, गावी गेला, बरा आहे. तर त्यानं छातीवर क्रूसाची खूण केली आणि मोठ्यानं गात गात ट्रकमध्ये चढला.

"काय गात व्हता?" आबांनी विचारलं.

"कोण जाणे. त्यांच्या घरचं काहीतरी."

पुढचे दोन दिवस आम्ही निळ्या ठिपक्यांना न्याय दिला. लालबागेत काचेचा महाल पाहिला, कँटोन्मेंटातल्या परेड मैदानावर आबांनी आम्हाला कोण कुठं उभं राहायचं ते चालून दाखवलं, आणि दर संध्याकाळी कुठल्या ना कुठल्या जास्वंदीमागच्या हिरव्या पडद्याआड बसलो. यजमान सोनेरी, आबा काळी. "औषध म्हनून," ते वेटरला बजावून सांगत. एका संध्याकाळी मुनिस्वामी तुळसक्कालाच घेऊन आला. तिनं नाकाला पदर लावला, मग पदर काढला, आणि आपल्याला मोठा पेला का नाही म्हणून वेटरला कानडीत झाडलं.

*

परतीच्या गाडीत आबा बोलत होते. वाळवंटातल्या माश्यांबद्दल, उंटांबद्दल, जहाजावर ओकाऱ्या काढणाऱ्या सुभेदाराबद्दल. बेळगाव आलं आणि गेलं, त्यांचं वाळवंट संपलं नव्हतं. आईला छावणीतल्या ऑपरेशनचं ठाऊक होतं, असं त्यांनी मध्येच सांगितलं. टाके तिनं पाहिले होते. "पन तिला म्या इंग्रज डाक्तर सांगितला," ते म्हणाले. "कैद्यानं कापलं म्हनलं असतं तर रात्रभर रडली असती." मग थोडा वेळ गप्प बसले. हे गप्प बसणं ओट्यावरच्यासारखं नव्हतं. त्यात आम्ही तिघं होतो.

बंगळूरला लढाईच्या खुणा पाहायला गेलो, त्या आम्हाला कुंपणाकाठी दिसल्या नाहीत. त्या तुळसक्काच्या माजघरात निघाल्या, आणि थोड्याशा एका चुकून आलेल्या पेल्यात. यजमान म्हणतात की इतिहासाच्या अभ्यासाला बीअरची मदत होते, हे आता सिद्ध झालं आहे. मी त्यांच्याशी वाद घालत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातारा रोड आलं. आबांनी ट्रंक उतरवली, आम्ही दारातून निरोप घेतला, गाडी हलली. मी खिडकीतून वाकून पाहत होते. फलाटावर एक हमाल ट्रंक उचलायला पुढं आला होता, आणि आबा त्याला थांबवून काहीतरी सांगू लागले होते. ट्रंक जमिनीवर, हमाल तोंड वासून उभा. आबांचा एक हात पोटावर होता, दुसरा हवेत, हातात सुरी धरल्यासारखा. मग त्यांनी टाचा जुळवल्या आणि डॉक्टर कसा ताठ उभा राहिला ते करून दाखवलं. हमाल हसला. पाठोपाठ आबाही. वळणावर गाडी कलली, आणि फलाट दिसेनासा होईपर्यंत ते दोघं तसेच हसत होते.